प्रॉसरजवळून काही गेलं नाही

१

घरात मोबाइलचं नेटवर्क फक्त पडवीतल्या खाटेजवळ यायचं आणि खाटेवर बाप होता. म्हणून विनीत रोज सकाळी नऊला लॅपटॉप घेऊन बापाशेजारी बसायचा. हौस म्हणून नव्हे.

इंजिनीअरिंग तिसऱ्या वर्षाला सोडून तो घरी आला, त्याला दीड वर्ष झालं होतं. त्यातलं पहिलं वर्षभर बाप, रावजी मांडवकर, मुलाशी एक शब्द बोलला नव्हता. तीस वर्षं मुंबईत एका कंपनीच्या गेटवर वॉचमन म्हणून उभा राहिलेला माणूस. कोणाला आत सोडायचं आणि कोणाला नाही, याच्यापलीकडे आयुष्यात काही ठरवायचं असतं हे त्याला मान्यच नव्हतं, आणि मुलाला त्याने कधीच गेटबाहेर काढलं होतं. मग यंदा भाद्रपदात, गणपती गेल्याच्या दुसऱ्या दिवशी, त्याला पॅरॅलिसिसचा झटका आला. उजवी बाजू गेली. बोलणं गेलं असंही नाही. शब्द यायचे, पण स्वतःचे यायचे नाहीत. कानावर जे पडलेलं असेल तेच तोंडातून निघायचं. चहा हवा असला तरी ‘वीजबिल’ म्हणायचा, कारण आई नुकतीच वीजबिलावरून करवादून गेलेली असायची.

विनीतचं काम जरा विचित्र होतं. इंग्लंडच्या शेजारी वेल्स म्हणून देश आहे, तिथल्या कुठल्याशा खाणीच्या गावातले लोक आपल्या जुन्या फुटबॉलचा इतिहास गोळा करत होते. एकशेचाळीस वर्षांपूर्वीच्या वर्तमानपत्रांचे फोटो ते पाठवायचे. छपाई इतकी पुसट की मशीनला वाचता येत नसे. विनीतने डोळे ताणून ती वाचायची आणि टाइप करून परत पाठवायची. मोठ्याने वाचलं की अडलेले शब्द लागायचे, म्हणून तो मोठ्याने वाचायचा. आणि बाप टक लावून बघत राहायचा म्हणून मग मराठीत सांगायचा.

सगळ्या बातम्या एकाच माणसाच्या होत्या. ओवेन प्रॉसर, गोलकीपर. स्लेटच्या खाणीच्या ऑफिसात कारकून. शनिवारी अर्धा दिवस सुट्टी, मग सामना. देशाकडून दोनदा खेळला, दोन्हीदा देश हरला. पुढे क्लब खेळाडूंना पैसे देऊ लागले तेव्हा याने घेतले नाहीत. पावसात, चिखलात, जाळी नसलेल्या दोन खांबांमध्ये फुकट उभा राहायचा. त्या गावच्या पेपरवाल्याला एक वाक्य लागलं होतं, ते तो दर आठवड्याला लिहायचा: प्रॉसरजवळून काही गेलं नाही.

‘ड्युटी?’ बापाने एकदा विचारलं. झटक्यानंतरचा त्याचा स्वतःचा असा तो पहिला शब्द.

‘ड्युटीच म्हणायची,’ विनीत म्हणाला. ‘बिनपगारी.’

बाप हसला. अर्ध्या तोंडाने. त्यानंतर रोज सकाळी, चहाच्या आधी, तो खाटेवरून विचारायचा, ‘प्रॉसर?’

विनीत सांगायचा. बापलेकांत तेवढंच बोलणं उरलं होतं, आणि तेही एका मेलेल्या गोऱ्याबद्दल.

२

मार्गशीर्षात राखण असते. प्रत्येक घराच्या जमिनीला एक राखणदार असतो असं इथे धरून चालतात. त्याला वर्षातून एकदा हद्दीवर कोंबडा आणि नारळ द्यायचा आणि घरातल्या मोठ्या माणसाने गाऱ्हाणं घालायचं, म्हणजे त्याचं नाव घेऊन मोठ्याने सांगायचं की हे घर तुझ्या हवाली. बाकीच्यांनी प्रत्येक वाक्याला ‘व्हय महाराजा’ म्हणायचं.

मांडवकरांची राखण बेड्यापाशी होते. बेडं म्हणजे आवाराचं तोंड: गडग्याच्या, म्हणजे दगडी कुंपणाच्या, मध्ये चिऱ्याचे दोन खांब आणि त्यांत सरकवलेले आडवे बांबू. पलीकडे गवताळ कच्चा रस्ता.

सखारामकाका आदल्या दिवशी मुंबईहून आला. रावजीचा धाकटा भाऊ. वर्षातून तीन वेळा येणार, येऊन सगळ्यांना रीत शिकवणार, आणि जाताना आंब्याच्या पेट्या नाहीतर तांदळाचं पोतं नेणार.

‘काका, या वर्षी तुम्ही घाला गाऱ्हाणं,’ विनीत म्हणाला. ‘बाबांना बोलता येत नाही.’

‘मोठा जिता असताना धाकट्यानं घालायचं नाय. आपल्या घराण्यात झालेलं नाय असं.’

‘अहो, पण ते चहाला वीजबिल म्हणतात.’

‘देवाफुडं बरोबर बोलंल. तू कॉलेज सोडलंस, आता आमाला रीत नको शिकवू.’

मग बापाला प्लास्टिकच्या खुर्चीत बसवून चौघांनी बेड्यापर्यंत नेलं. भावकीतले दहाबारा पुरुष टोप्या घालून उभे राहिले. अर्ध्यांचं लक्ष कोंबड्याकडे.

‘बा महाराजा,’ रावजी म्हणाला, आणि सगळे चमकले, कारण आवाज खणखणीत होता. ‘आज मांडवकरांची लेकरं तुज्या पायाशी आली हायत.’

‘व्हय महाराजा.’

‘काय चुकलंमाकलं आसंल ता पोटात घाल.’

‘व्हय महाराजा.’

पाठ असलेलं धडाधड सुटत होतं. काकाने विनीतकडे विजयी नजरेने पाहिलं. मग राखणदाराच्या नावाची जागा आली आणि रावजी अडला. तोंड वेडंवाकडं झालं. डोळे शोधत शोधत विनीतवर येऊन थांबले.

‘ओवेन प्रॉसर,’ तो म्हणाला.

‘व्हय महाराजा.’

‘पैसा न घेता उभा ऱ्हवणारा.’

‘व्हय महाराजा.’

‘तू हितं उभा ऱ्हा. आत काय सोडू नको.’

‘व्हय महाराजा!’

‘काका, नाव चुकलं,’ विनीत पुढे झाला. ‘बाबांनी...’

‘गप! गाऱ्हाण्यात मधे बोलायचं नाय!’

कोंबडा कापला गेला. जेवताना विनीतने पुन्हा विचारलं, तुम्ही नाव तरी ऐकलंत का? काका हाड चोखत म्हणाला, ‘नाव काय ऐकायचंय? आजा घालायचा तवापासनं आमी व्हय म्हणतोय.’

खरंच होतं ते. कान बंद ठेवून व्हय म्हणणं हीच तर यांची परंपरा. विनीतला हसू आलं, आणि हसून त्याने तो विषय सोडून दिला.

३

त्या आठवड्यात वानर आले नाहीत.

एरवी वाडीत त्यांचा उच्छाद असे. कौलं फोडायचे, पपया न्यायचे, आईच्या वालीच्या शेंगा ओरबाडायचे. या वेळी टोळी आली, शेजारच्या आवारात धिंगाणा घातला, मांडवकरांच्या गडग्यापर्यंत आली आणि तिथेच बसली. गडग्यावर नाही, गडग्यापलीकडे, रस्त्यावर, ओळीने. थोडा वेळ बेड्याकडे बघत बसले आणि उठून गेले.

आईने काकाला फोनवर सांगितलं. ‘बघ!’ काका एवढ्याने ओरडला की फोन हातभर लांब धरूनही ऐकू आलं. ‘राखण पावली! आणि हा म्हणे नाव चुकलं!’

शेजाऱ्याने छऱ्याची बंदूक आणली होती. वानर त्याला घाबरले असणार. विनीतने असं ठरवलं आणि कामाला लागला.

मग नारळाचं झालं. शेजारचा एक माड यांच्या अंगणावर कललेला होता. त्याचे नारळ यांच्यात पडायचे आणि त्यावरून कमळाचं, म्हणजे विनीतच्या आईचं, शेजारणीशी वर्षाला एक भांडण ठरलेलं असायचं. एका दुपारी पडवीत बसल्या बसल्या विनीतला वर देठ तुटल्याचा आवाज आला. त्याने मान आत घेतली. जमिनीवर आपटल्याचा धप्प आवाज काही आला नाही. त्याऐवजी आवाज आला तो बेड्याच्या बाजूने, आणि तो वेगळा होता. थप्. दोन तळवे एकदम काहीतरी पकडतात तसा.

तो उठून बघायला गेला. नारळ रस्त्याच्या कडेला, बेड्यापासून चार हातांवर, कोणी अलगद ठेवल्यासारखा पडला होता. तिथवर माडाची सावलीसुद्धा पोचत नव्हती.

आणि वास होता. भिजलेल्या कांबळ्याचा. भर पावसात शेतावरून आलेल्या माणसाच्या खांद्यावरच्या कांबळ्याला येतो तो. पाऊस जाऊन दोन महिने झाले होते आणि यांच्या घरातलं शेवटचं कांबळं आजोबांबरोबर गेलं होतं.

‘प्रॉसर?’ पडवीतून बापाने हाक मारली.

रोजचाच प्रश्न. पण या वेळी तो विनीतकडे बघून विचारत नव्हता.

४

पौषात आंब्याची कलमं मोहरली. वाडीभर मोहोराचा वास सुटला, आणि सगळ्यांच्या बागांत माश्यांचा असा घोंगाट सुरू झाला की माणसाला माणसाचं ऐकू येईना. मांडवकरांच्या कलमांखाली उभं राहिलं की एवढी शांतता की स्वतःचं गिळणं ऐकू यावं. मोहोर होता, माशी नव्हती. कावळाही येत नव्हता. आई रोज सकाळी भाताचा घास बाहेर ठेवायची आणि संध्याकाळी वाळलेला उचलायची.

‘फवारणी जास्त झाली,’ विनीत म्हणाला.

‘फवारणी केलीच कुठं औंदा?’ आई म्हणाली. तिने पुढे काही विचारलं नाही. चार महिने माणूस उचलून बसवायचा, पुसायचा, भरवायचा, यात तिच्याकडे नवल करायला जीव उरला नव्हता.

माणसं येत-जात होती. अक्षया, वाडीतलीच नर्स, एक दिवसाआड यायची, दूधवाला यायचा, कुरिअरवाला यायचा. हाक मारून, कामाने येणारं येत होतं. न बोलावता येणारं काही येत नव्हतं, एवढंच.

बेड्यात, दोन खांबांच्या बरोब्बर मध्ये, गवत मेलं होतं. पावलाएवढ्या दोन जागा. माती दाबून दाबून कोणी घट्ट केल्यासारखी. विनीतने ती बघितली आणि तो तिच्याशेजारून गेला. आठवड्याने तशाच दोन जागा बेड्याबाहेर दिसल्या, रस्त्यावर, पाच पावलं पुढे. त्या काळी गोलकीपरला गोलातच थांबायची सक्ती नव्हती. मैदानाच्या आपल्या अर्ध्या भागात तो कुठेही हाताने चेंडू अडवू शकायचा, आणि प्रॉसरला पुढे येऊन अडवायची खोड होती. हे विनीतने स्वतःच टाइप केलं होतं. रस्त्यावर पाणी साचून गवत गेलं असेल, असं त्याने स्वतःला सांगितलं. पौषात कुठलं पाणी, हे विचारायचं त्याने टाळलं.

त्या शुक्रवारी बापाला तपासणीसाठी रत्नागिरीला नेलं. जाताना रिक्षा वाडीच्या चढणीवर होती, घर मागे दिसेनासं झालं होतं, तेवढ्यात बापाने विनीतचा हात पकडला आणि डोळे फिरवले. दुसरा झटका. आता उरलेलं बोलणंही गेलं, गिळणं गेलं, डाव्या हाताची दोन बोटं तेवढी हलत राहिली.

सहा दिवसांनी डॉक्टर म्हणाले, ‘घरी न्या. दोन दिवस, फार तर तीन.’

५

भावकी जमली. काका मुंबईहून रजा काढून आला. तुळशीपत्र, गंगाजल, सगळं हाताशी. तीन दिवस गेले. चौथ्या दिवशी काका घड्याळ बघायला लागला. सहाव्या दिवशी म्हणाला, ‘माजी रजा संपली. काय झालं तर फोन कर,’ आणि रात्रीच्या गाडीने गेला. भाऊ वेळेत मेला नाही याचा राग त्याच्या चेहऱ्यावर स्पष्ट दिसत होता.

विनीत आणि आई उरले. नळीतून पेज. दर दोन तासांनी कूस. पाठीला जखम झाली, ती हाडापर्यंत गेली. अक्षया पट्टी बदलायची तेव्हा बापाच्या घशातून एक आवाज यायचा, आणि तो ऐकू येऊ नये म्हणून विनीत मोठ्याने काहीतरी बोलायचा. त्या आवाजापायी आई मागे जाऊन भांडी घासायची. स्वच्छ असलेली.

आणि रोज तिन्हीसांजेला बाप जायला निघायचा.

सूर्य बुडायला आला की पाय गार पडायचे. मग गुडघे. नखं निळी. श्वास लांब लांब होत जायचा, दोन श्वासांमध्ये एवढं अंतर की आई गंगाजलाच्या वाटीतला चमचा उचलून थांबायची. चेहऱ्यावरची ओढ सुटायची. तीस वर्षं मुंबईत आणि पाच महिने खाटेवर जो माणूस कधी सैल पडला नव्हता, तो सैल पडायचा. वाटायचं, झालं. सुटला.

तेवढ्यात रस्त्याकडून आवाज यायचा. थप्.

आणि बापाच्या छातीत हवा परत घुसायची. कोणी ढकलून घातल्यासारखी. डोळे उघडायचे, आणि त्यांत जे असायचं ते बघवत नसे.

पहिल्या दिवशी विनीतला तो योगायोग वाटला. तिसऱ्या दिवशी तो बेड्याचे सगळे बांबू काढून अंगणात टाकून आला, वाऱ्याने आपटत असतील म्हणून. त्या संध्याकाळीही आवाज आला. नवव्या दिवशी त्याने कानात बोळे घातले. आवाज ऐकू आला नाही. बापाची छाती उसळलेली दिसली.

‘मेंदूच्या पेशंटचं असं असतं,’ अक्षया म्हणाली. ‘श्वास थांबतो, परत सुरू होतो.’

‘रोज? सहा वीसला?’

तिने पट्टी गुंडाळली. ‘विन्या, तू झोपलास कधी शेवटचा?’

६

अठराव्या दिवशी त्याने आईला विचारलं, ‘बाबांना आवाराबाहेर नेऊया का? हॉस्पिटलात, कुठेही.’

‘ॲम्ब्युलन्समध्ये हलवलं तर त्यांचे हाल कुत्रं खाणार नाही,’ पट्टी बदलायला आलेली अक्षया म्हणाली. ‘ती जखम बघितलीस ना?’

‘आणि मला त्यांना रस्त्यावर न्हेऊन मारायचे नायत,’ आई म्हणाली. ती ओरडली नाही. ‘जन्मभर दुसऱ्याच्या दारात उभे ऱ्हायले. जातील ते आपल्या घरातनं जातील.’

म्हणजे तिलाही ठाऊक होतं. किती, कधीपासून, हे विनीतने विचारलं नाही. तो फोन घेऊन पडवीच्या पायरीवर बसला.

‘काका, गाऱ्हाणं पुन्हा घालायला हवं. राखण उठवायला हवी.’

‘काय?’

‘बाबांनी ज्याला उभं केलंय तो काही आत सोडत नाहीये. काहीच. कळतंय का तुम्हाला मी काय म्हणतोय?’

पलीकडे टीव्ही चालू होता. काकाने तो बंद केला नाही. ‘राखण वर्षाच्या आत मोडायची नाय.’

‘तुम्ही सगळे व्हय म्हणालात म्हणून झालंय हे!’

‘मग? भावकी जमल्याबिगर बदलता येत नाय. शिमग्याला येतोय ना आमी, तवा बघू.’

‘शिमग्याला अजून पाच आठवडे आहेत.’

‘मग काय झालं? वहिनी हाय, तू हायस. तुला काय दुसरं काम हाय?’

विनीतने फोन ठेवला. ज्या माणसांनी एक नाव ऐकायचे कष्ट घेतले नाहीत, त्यांना पाच आठवडे म्हणजे काय ते समजवायचं कसं? समोर रस्ता होता. ऊन होतं. रस्त्यावर कोणी नव्हतं, आणि कांबळ्याचा वास होता.

त्याच्या मनात आणखी एक गोष्ट होती, जी तो आईला सांगू शकत नव्हता. बाप सुटावा असं त्याला वाटत होतं, की आपण सुटावं असं? त्याने दोन्ही बाजूंनी विचार करून पाहिला. दमलेल्या माणसाला दोन्ही सारखंच दिसतं.

७

काम थांबलं होतं. वेल्सहून दोनदा विचारणा झाली होती. शेवटची एक बातमी उरली होती. दुसऱ्या दिवशी दुपारी विनीतने ती उघडली आणि सवयीने मोठ्याने वाचली, मग बापाकडे बघून मराठीत सांगायला लागला. तो ऐकत होता की नाही, देव जाणे.

प्रॉसरचा शेवटचा सामना. पाऊस. एक तास उलटला तरी पाहुण्यांना गोल करता येईना. प्रॉसरजवळून काही गेलं नाही. मग त्यांच्यातल्या एकाने चेंडूचा नाद सोडला. तेव्हा नियमाने गोलकीपरला खांदा मारून पाडता यायचं, त्याच्या हातात चेंडू नसला तरी. फक्त मागून मारायचा नाही. समोरून यायचं, खांद्याला खांदा. तो माणूस आपल्या गड्याच्या बरोबरीने धावत आला. गडी चेंडू घेऊन, आणि हा मोकळा, सरळ प्रॉसरवर. प्रॉसर पडला. चेंडू सावकाश घरंगळत दोन खांबांमधून आत गेला. पंचांनी गोल दिला.

प्रॉसर पाच मिनिटं उठला नाही. उठला तेव्हा खांदा मारणाऱ्याशी हात मिळवला आणि विचारलं, मी पडलो होतो तेव्हा गोलात कोण होतं? कोणी नव्हतं, असं सांगितल्यावर तो मैदानाबाहेर गेला. वेल्सच्या लोकांनी खाली टीप जोडली होती: पुढे एकतीस वर्षं कारकुनी केली. पुन्हा खेळला नाही.

विनीतने वर पाहिलं. बाप त्याच्याकडे बघत होता. डाव्या हाताची दोन बोटं चादरीवर हलत होती, बाहेरच्या दिशेने, वॉचमन गाडीला जायची खूण करतो तशी. हो. जा. हो.

‘नक्की?’ विनीत म्हणाला.

बोटं थांबली नाहीत.

विनीतने बापाचं तोंड पुसलं. दीड वर्षात बापाच्या चेहऱ्याला त्याने पहिल्यांदाच कामाशिवाय हात लावला, आणि तो तसाच थोडा वेळ ठेवला.

८

‘आई, दिवा लाव. वाटी घेऊन बस. मी बाहेर जाऊन येतो.’

‘कुठं?’ तिने विचारलं, आणि त्याच्याकडे बघून वाटी उचलली.

अंगणातून बेड्याकडे जाणं म्हणजे मागून जाणं. ते चालणार नव्हतं. तो मागच्या दाराने गडगा ओलांडून शेजारच्या कलमांत उतरला, आणि वळसा घालून रस्त्याच्या वळणाशी आला. इथून घर समोर दिसत होतं. बापाच्या उशाशी पिवळा दिवा. बेड्याचे उघडे खांब. बेड्याआधी पंधरावीस पावलं, रस्त्याच्या मधोमध, मेलेल्या गवताच्या दोन जागा; आधीच्यापेक्षा आणखी पुढे आलेल्या.

ऊन माडांच्या शेंड्यांवर उरलं होतं. वाडीत कुणाकडे तरी कुकरची शिट्टी झाली. तेवीस वर्षांचा, इंजिनीअरिंगची पाच सेमिस्टर शिकलेला माणूस रिकाम्या रस्त्यावर कोणाला तरी खांदा मारायला उभा होता. कोणी पाहिलं असतं तर मांडवकरांचा पोर वाया गेला यावर शिक्का बसला असता. त्याला परत फिरावंसं वाटलं. मग त्याला ती जखम आठवली.

पडवीतला दिवा हलला. आई वाकली होती. म्हणजे पाय गार पडले होते.

आणि विनीतच्या लक्षात आलं की तो वळणावर एकटा नाही.

काही दिसलं नाही, कारण त्याने बघितलं नाही. उजव्या बाजूला गारवा होता, विहिरीच्या काठाशी असतो तेवढा. कोणीतरी शेजारी येऊन थांबलं होतं, बेड्याकडे तोंड करून, अगदी सहज, रोज याच वेळी इथे येणाऱ्यासारखं. घाई नव्हती. विनीतने निघायची वाट बघत ते थांबलं होतं.

आपण कोणाच्या बाजूने खेळायला उतरलोय, हे त्याला तेव्हा कळलं. पडवीत आईने चमचा उचलला आणि तो तसाच अधांतरी धरला.

तो धावला.

चपला सुटल्या. जांभ्याचे खडे तळव्यांत घुसले. शेजारी पावलं वाजत होती की नाही हे त्याने ऐकलं नाही, पण गारवा बरोबर होता, मागे पडत नव्हता, पुढे जात नव्हता. दहा पावलं, पाच. रस्ता रिकामा होता. त्याने खांदा खाली केला आणि रिकाम्या जागेत झोकून दिलं.

रिकामी नव्हती ती जागा. ओली लोकर गालावर घासली. खांद्याखाली फासळ्या लागल्या, माणसाच्या, आणि त्यांतून हवा निघाली, हुं अशी. दोन मोठे तळवे उघडे, छातीशी आलेले, एक करंगळी वाकडी. तोंड क्षणभर दिसलं, अगदी जवळून. ते विनीतकडे बघत नव्हतं. त्याच्या खांद्यावरून पलीकडे, येणाऱ्याकडे बघत होतं. फार थकलेलं होतं. मग ते मागे कोसळलं आणि विनीत त्याच्यावर, आणि मग फक्त रस्त्यावर.

तो पालथा पडून राहिला. तोंडात माती. वर आंब्याच्या मोहोरात कुठेतरी एक माशी गुणगुणायला लागली होती.

आतून आईचा आवाज आला. आधी बापाचं नाव, मग नाव नसलेला.

त्या आवाजाच्या किंचित आधी विनीतजवळून कोणीतरी गेलं होतं. सावकाश, बेड्यातून आत. जाता जाता ते वाकलं होतं आणि त्याच्या पाठीवर थाप मारली होती, दोनदा, आपल्या बाजूच्या माणसाला मारतात तशी.